शांता आपटे : करारापुढे न नमलेली अभिनेत्री

बंगळुरू : कन्नड भाषेतील पहिला बोलपट ‘सती सुलोचना’ ३ मार्च १९३४ रोजी बंगळुरूत प्रदर्शित झाला, त्याचे चित्रीकरण मात्र कोल्हापुरात झाले होते. बोलपटांच्या त्या आरंभकाळात कलावंत आणि तंत्रज्ञ भाषांच्या सीमा सहज ओलांडत असत. याच चित्रपटाचे दिग्दर्शक वाय. व्ही. राव यांनी पुढे ‘सावित्री’ या तमिळ चित्रपटाची नायिका म्हणून एका मराठी अभिनेत्रीची निवड केली. त्या होत्या शांता आपटे.

सोलापूर जिल्ह्यातील दुधनी या कन्नड मुलखाला लागून असलेल्या गावी जन्मलेल्या शांताबाईंनी १९३२ मध्ये भालजी पेंढारकरांच्या ‘श्यामसुंदर’मधून पडद्यावर पदार्पण केले. १९३४ च्या ‘अमृतमंथन’ने त्यांना प्रभात फिल्म कंपनीत मानाचे स्थान मिळवून दिले. नट-नटींनी एका जागी उभे राहून गाण्याचा तो काळ. शांताबाई मात्र हातांनी, डोळ्यांनी गाणे जिवंत करीत.

त्यांच्या कीर्तीचा कळस म्हणजे व्ही. शांताराम यांचा ‘कुंकू’ (१९३७). फसवणुकीने वृद्ध वकिलाच्या गळ्यात बांधली गेलेली नीरा त्याला पती मानण्यास ठाम नकार देते. ना. ह. आपटे यांच्या ‘न पटणारी गोष्ट’ या कादंबरीवर आधारलेल्या या चित्रपटाला पार्श्वसंगीत नव्हते. त्यामुळे नीरेच्या संतापाला संगीताचा आधार नव्हता; तो सर्वस्वी अभिनयातूनच पोहोचवावा लागला. ‘दुनिया न माने’ या हिंदी आवृत्तीने ही नायिका देशभर नेली.

पडद्यावरचा हा बाणेदारपणा प्रत्यक्षातही दिसला. कराराच्या वादातून १९३९ मध्ये त्यांनी पुण्यात प्रभातच्याच प्रवेशद्वारापाशी उपोषण आरंभले. नामवंत नायिकेने आपल्याच कंपनीच्या दारात असे बसणे त्या काळी अभूतपूर्व होते. प्रभातशी संबंध तुटल्यावर, १९४० मध्ये, ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहून त्यांनी चित्रपटव्यवसायातील कलावंतांच्या पिळवणुकीवर बोट ठेवले. गाजत्या अभिनेत्रीने असे लिहिणे उपोषणाहूनही धाडसाचे म्हणावे लागेल.

‘सावित्री’ १९४१ मध्ये आला. त्यासाठी शांताबाईंनी परिश्रमपूर्वक तमिळ भाषा आत्मसात केली. नारदाच्या भूमिकेत एम. एस. सुब्बुलक्ष्मी होत्या, या कामाच्या मानधनातून ‘कल्की’ नियतकालिकाच्या उभारणीस हातभार लागला.

पुढे ‘जमीनदार’ (१९४२), ‘वाल्मीकि’ (१९४६) असे हिंदी चित्रपट आणि काही मराठी चित्रपटही त्यांनी केले. परंतु नीरेच्या तोडीची भूमिका पुन्हा वाट्यास आली नाही. पन्नाशीच्या दशकात त्या पौराणिक चित्रपटांत दिसल्या. २४ फेब्रुवारी १९६४ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले.