बालबोधकार विनायक कोंडदेव ओक

शाळेच्या वार्षिकाची जुळवाजुळव करावयाची वेळ आली, की आम्हांस दरवर्षी एकच अनुभव येतो. वर्षातून एक लेख द्यावा, इतकेच आमचे मागणे असते. परंतु परीक्षा, घरची कामे, आजारपण अशी नाना कारणे पुढे येतात. खरे सांगावयाचे, तर आमची स्वतःची कारणेही ह्याहून निराळी नसतात. अशा वेळी आम्हांस ज्या संपादकाची आठवण होते व मनातून थोडी लाजही वाटते, त्यांचे चरित्र आज वाचकांपुढे ठेवीत आहोत.

विनायक कोंडदेव ओक ह्यांचा जन्म १८४० साली रत्नागिरी जिल्ह्यातील हेदवी ह्या गावी झाला. हेदवी हे आपल्या वसईप्रमाणेच समुद्रकाठचे गाव. तेथील दशभुज गणपतीचे मंदिर प्रसिद्ध आहे, आणि बामणघळ नावाच्या खडकाच्या चिरेत भरतीचे पाणी शिरले म्हणजे ते उंच उसळते. ह्या गावचे ओक पुढे शिक्षणखात्याच्या नोकरीत शिरले. मुलांना धडे असतात, पण धड्यांपलीकडे आवडीने वाचावयास फारसे काही नसते, ही उणीव त्या काळी शाळाखात्यात वावरणाऱ्या माणसास दिसल्यावाचून राहणे कठीण होते. ओकांनी ती भरून काढण्याचे काम स्वतःच्या शिरावर घेतले.

१८८१ हे साल मराठी वाङ्मयात संस्मरणीय आहे. त्या वर्षाच्या आरंभी पुण्यास 'केसरी' निघाला. त्याच साली ओकांची 'शिरस्तेदार' ही कादंबरी प्रसिद्ध झाली. कचेरीतील लाचलुचपतीचे चित्र तीत आहे. आणि त्याच साली मुंबईच्या निर्णयसागर छापखान्यातून त्यांचे 'बालबोध' हे मासिक निघू लागले. ह्या छापखान्याचे मालक जावजी दादाजी हे स्वतः लहानपणी अमेरिकन मिशनच्या छापखान्यात टाईप घासण्याचे काम करीत असत. तेथून वर येऊन त्यांनी १८६९ साली निर्णयसागर काढला आणि सुबक छपाईबद्दल देशभर कीर्ती मिळविली. असा मुद्रक आणि असा संपादक मुलांच्या मासिकासाठी एकत्र आले, हे त्या वेळच्या बालवाचकांचे भाग्यच म्हणावयाचे.

'बालबोधा'त थोर व्यक्तीचे चरित्र, कविता, निबंध, शास्त्रीय विषयावरील लेख आणि इतर किरकोळ माहिती असे. हे सारे निरनिराळ्या लेखकांकडून मिळविणे सोपे नव्हते. म्हणून बहुतेक मजकूर ओक स्वतःच लिहीत. १९१४ साली त्यांचा अंत झाला, तोपर्यंत हा क्रम चालू होता. त्यांच्या लेखनाची मोजदाद अशी आहे: चरित्रे ४०२, कविता ४०२, निबंध ४०२, शास्त्रीय लेख ४०२ आणि इतर लेख ३७५. बेरीज केली तर १,९८३ होते. मधल्या काळात, १८९२ साली, जावजी दादाजी निवर्तले. तरी मासिक थांबले नाही.

मुलांच्या संपादकाची एक अडचण थोरांच्या संपादकास नसते. 'केसरी'चा वाचक वीस वर्षे तोच राहू शकतो. परंतु मुलांच्या मासिकाचा वाचक चार-पाच वर्षांत मोठा होतो व दुसरीकडे वळतो. त्याच्या जागी नवा येतो, आणि त्याला वाफ म्हणजे काय, ग्रहण कसे लागते, हे पुन्हा पहिल्यापासून सांगावे लागते. पूर्वी आपल्या वसईच्या वाड्यांतून रहाट चालत. रहाटाचे एकेक मडके थोडेच पाणी आणी, आणि रिते होऊन पुन्हा विहिरीत उतरे. पण केळी आणि पानवेली त्यावरच जगत. ओकांचे काम ह्याच जातीचे होते. पहिल्या अंकांच्या बालवाचकांची मुलेही पुढे 'बालबोध' वाचण्याच्या वयाची झाली, इतका दीर्घ काळ त्यांचा रहाट फिरत राहिला.

त्यांचे लेखन आजच्या मुलास थोडे उपदेशपर वाटेल, हे आम्ही नाकारीत नाही. त्यांचे नावही आता फार घरांतून ऐकू येत नाही. तथापि मराठी बालवाङ्मयाचा पाया घालणाऱ्यांत त्यांची गणना होते, आणि ती योग्यच आहे. मूल आहे म्हणून त्याला हलकासलका मजकूर चालेल, असे त्यांनी मानले नाही. इतिहास, शास्त्र आणि काव्य ह्या तिन्हींचा हक्क त्यांनी लहानग्यास दिला.

पालकांस आमची एक विनंती आहे. आपल्या पाल्यासाठी क्रमिक पुस्तकांखेरीज एखादे चांगले मासिक घरात येऊ द्यावे. आणि विद्यार्थिमित्रहो, पुढील वर्षी आम्ही लेख मागावयास येऊ, तेव्हा सवड नाही असे म्हणण्यापूर्वी ४०२ हा आकडा एकवार आठवा. आम्हीही तो आठवू.