घाईत जगलेला लेखक : एडगर वॉलेस

बाबुराव अर्नाळकरांच्या रहस्यकथा अभ्यासाच्या पुस्तकाआड धरून वाचणारी एक पिढी आपल्याकडे होऊन गेली. इंग्लंडमध्ये तशाच वाचकांचा लाडका लेखक म्हणजे एडगर वॉलेस. मला मात्र त्याचा परिचय प्रथम झाला तो पुस्तकांतून नव्हे, तर चित्रपटांतून. १९६० ते १९६५ या काळात लंडनच्या मर्टन पार्क स्टुडिओत जॅक ग्रीनवुड या निर्मात्याने वॉलेसच्या नावाने चाळीसांहून अधिक गुन्हेगारीपट काढले. कृष्णधवल छायाचित्रण, सुमारे तासाभराची लांबी, बेताचा खर्च आणि मुख्य चित्रपटाच्या जोडीला दाखवायचा दुय्यम खेळ, असे त्यांचे स्वरूप. आरंभी धुक्यातून एका माणसाचा अर्धपुतळा सावकाश फिरताना दिसे. तो पुतळा वॉलेसचा. चित्रपट निघाले तेव्हा त्याला जाऊन अठ्ठावीस वर्षे उलटली होती. मेल्यावरही ज्याच्या नावावर तिकिटे खपत, असा हा माणूस होता तरी कोण?

१ एप्रिल १८७५ रोजी लंडनजवळच्या ग्रिनिच येथे त्याचा जन्म झाला. आई पॉली रिचर्ड्स ही फिरत्या नाटक मंडळीतील नटी होती. विवाहबाह्य संबंधातून झालेले हे मूल तिने अवघ्या काही दिवसांचे असताना फ्रीमन दांपत्याच्या हवाली केले. जॉर्ज फ्रीमन बिलिंग्जगेटच्या मासळीबाजारात हमाली करीत असे. पुढे मुलाच्या पोषणाचे पैसे देणे आईला जमेना; तरीही या गरीब कुटुंबाने त्याला अनाथांच्या वाटेला लावले नाही, पोटच्या पोरासारखे वाढविले. बाराव्या वर्षी शाळा सुटली. लडगेट सर्कसच्या चौकात वर्तमानपत्रे विकणे, छापखान्यात राबणे, मासेमारीच्या बोटीवर जाणे, दूध घालणे, असे नाना उद्योग त्याने केले. पुढे तो सैन्यात शिरला आणि १८९६ साली दक्षिण आफ्रिकेत पोहोचला.

तेथे त्याच्या हाती लेखणी आली. बोअर युद्धात तो आधी रॉयटरचा आणि मग डेली मेलचा बातमीदार झाला. १९०२ साली तहाच्या वाटाघाटी चालू असताना छावणीतील एका ओळखीच्या शिपायाने रुमालाच्या रंगावरून त्याला खूण दिली आणि वॉलेसने लष्करी नियंत्रकांना चकवून तहाची बातमी सर्वांआधी लंडनला पोहोचविली. सेनापती किचनर इतका संतापला, की पुन्हा युद्धवार्ताहर म्हणून काम करण्यास त्याला बंदी झाली.

लंडनला परतल्यावर १९०५ साली त्याने ‘द फोर जस्ट मेन’ ही कादंबरी स्वतःच्या खर्चाने काढली. बंद खोलीतील खून कसा झाला हे ओळखणाऱ्या वाचकांसाठी ५०० पौंडांची बक्षिसे त्याने जाहीर केली; पण विजेत्यांची संख्या किती, याची मर्यादा घालायलाच विसरला! अचूक उत्तरे येत राहिली, पुस्तक धडाक्याने खपले आणि लेखक कर्जात बुडाला. शेवटी डेली मेलच्या मालकाने पैसे देऊन त्याची अब्रू राखली. तरीही ही ओढाताण त्याच्या पाठीशी जन्मभर राहिली. घोड्यांच्या शर्यती, उंची मोटारी आणि सढळ हात यांमुळे मिळकत वाढली तसे देणेही वाढले.

देणे फेडायचे तर लिहायला हवे, आणि तेही झटपट. वॉलेस यंत्रापुढे बसून बोलत असे. मेणाच्या नळकांड्यांवर ध्वनिमुद्रित झालेला तो मजकूर लेखनिक टंकलिखित करीत. अशा रीतीने १७० हून अधिक कादंबऱ्या, शिवाय नाटके आणि शेकडो कथा त्याने लिहिल्या. १९२६ चे ‘द रिंगर’ हे नाटक रंगभूमीवर गाजले. १९२७ साली ब्रिटिश लायन ही चित्रपटसंस्था निघाली आणि वॉलेस तिचा अध्यक्ष झाला. त्याच वर्षीच्या कायद्याने चित्रपटगृहांना ठरावीक प्रमाणात ब्रिटिश चित्रपट दाखविणे सक्तीचे झाले होते. कमी पैशांत, कमी दिवसांत उरकलेल्या चित्रपटांचे पीक आले आणि त्यांना घट्ट कथानके हवी होती. वॉलेसपाशी ती ढिगाने होती.

त्याच्या चरित्राची उजळ बाजूच सांगावी असे मला वाटत नाही. १९०३ साली आजारी, निर्धन झालेली त्याची जन्मदात्री मदत मागत त्याच्या दारी आली आणि त्याने तिला परत पाठविले, असे त्याचे चरित्रकार सांगतात. त्याच वर्षी ती वारली. परक्यांवर पैसे उधळणारा हा माणूस तिच्यापाशीच हात आखडता का घेता झाला, याचा विचार मनाला चटका लावून जातो. त्याच्या आफ्रिकेवरील ‘सँडर्स’ कथांतून गोऱ्या साम्राज्याचा दर्प येतो, हेही आपण विसरू नये.

१९३१ साली ब्लॅकपूलमधून पार्लमेंटची निवडणूक तो हरला आणि हॉलिवुडला गेला. तेथे ‘किंग काँग’च्या पटकथेचा पहिला खर्डा लिहून होतो न होतो तोच मधुमेह आणि न्यूमोनिया यांनी १० फेब्रुवारी १९३२ रोजी त्याला गाठले. मागे प्रचंड कर्ज राहिले. ते फिटले तेही त्याच्या पुस्तकांच्या उत्पन्नातूनच.

वॉलेस थोर साहित्यिक होता, असा माझा दावा नाही. त्याची पात्रे पुष्कळदा पुठ्ठ्याची आहेत. पण मर्टन पार्कचे ते साधे चित्रपट पाहताना त्याचा खरा वारसा मला उमगतो. तिथेही पैसा थोडा, वेळ थोडा. म्हणून पाल्हाळाला थारा नाही. पहिल्या काही मिनिटांत गुन्हा घडलाच पाहिजे, प्रत्येक दृश्याने कथा पुढे नेलीच पाहिजे. या मालिकेतील १९६२ च्या ‘सोलो फॉर स्पॅरो’मध्ये एका छोट्या भूमिकेत मायकेल केन दिसतो, १९५२ चा ‘द रिंगर’ हा गाय हॅमिल्टन या दिग्दर्शकाचा पहिला चित्रपट. स्वस्त म्हणून हिणविलेली ही कार्यशाळा पुष्कळांना उपयोगी पडली.

विद्यार्थी मित्रहो, अभिजात साहित्य आपण वाचावेच. पण दिवसभर राबून आलेल्या माणसाचा एक तास सुखात जावा म्हणून केलेले कामही प्रामाणिक असू शकते. बाराव्या वर्षी शाळा सुटलेल्या त्या पेपरवाल्या पोराचे स्मरण म्हणून लडगेट सर्कसच्या त्याच चौकात एक फलक बसविण्यात आला. मला तो सन्मान यथायोग्य वाटतो.