दातातली ‘कीड’ आणि डेल्फ्टचा कापडवाला

‘दात किडलाय’ असं आपण किती सहज म्हणून जातो ना? पण शब्द नीट बघा. कीड म्हणजे किडा. दाताच्या आत कुणीतरी बसून तो पोखरतंय, ही समजूत एकट्या आपली नाही, जगभर होती. युरोपात दाताला धुरी देऊन त्यातून अळ्या ‘काढून’ दाखवणारे लोकही होते. तोंडात खरोखर कोण राहतं हे ज्यानं पहिल्यांदा पाहिलं, त्याचं नाव तुम्ही शाळेत सूक्ष्मदर्शकाच्या धड्यात पाठ केलेलं असणार. अँटनी व्हॅन लेव्हेनहूक. (स्पेलिंग कुणालाच धड आठवत नाही, ते सोडा.) पण तो धडा दातांपर्यंत काही पोचत नाही.

लेव्हेनहूक जन्मला 1632 मध्ये, नेदरलँड्समधल्या डेल्फ्ट गावात. वडील टोपल्या विणायचे, ते लवकर गेले. सोळाव्या वर्षी पोरगा ॲमस्टरडॅमला एका कापडव्यापाऱ्याकडे कामाला लागला. परत येऊन 1654 मध्ये लग्न केलं, स्वतःचं दुकान टाकलं. कॉलेज नाही, डिग्री नाही. त्या काळी विज्ञानाची भाषा लॅटिन होती आणि याला डचशिवाय काही येत नव्हतं. पहिल्या बायकोपासून पाच मुलं झाली, जगली एकच, मारिया.

कापडाचे धागे मोजायला दुकानदार भिंग वापरायचे. याला त्या भिंगाचंच वेड लागलं. पितळेच्या दोन पट्ट्या, मध्ये मोहरीएवढं एकच भिंग, समोर सुईच्या टोकावर नमुना आणि ते सगळं डोळ्याला चिकटवून बघायचं. दिसायला अगदी किरकोळ, पण त्याचं एक यंत्र वस्तू 270 पट मोठी दाखवायचं. अशी पाचशेच्या आसपास यंत्रं त्यानं बनवली आणि उत्तम भिंगं कशी करायची ते कुणालाही सांगितलं नाही. मला विचाराल तर हा त्याचा कंजूषपणा विज्ञानाला महागात पडला.

1673 पासून तो लंडनच्या रॉयल सोसायटीला डचमध्ये पत्रं पाठवू लागला. 1676 मध्ये त्यानं पाण्यातले डोळ्यांना न दिसणारे जीव कळवले, तेव्हा तिथल्या विद्वानांचा विश्वासच बसेना. पुढच्या वर्षी रॉबर्ट हूकनं स्वतः प्रयोग करून पाहिला, तेव्हा कुठे मान्य झालं.

आणि मग 17 सप्टेंबर 1683 चं ते पत्र. लेव्हेनहूक तेव्हा पन्नाशीला पोचला होता आणि आपल्या दातांचा त्याला जाम अभिमान होता. रोज सकाळी मिठानं दात घासायचे, काडीनं कोरायचे, वर फडक्यानं पुसायचे. तरी दाढांच्या फटीत पांढरं, भिजवलेल्या पिठासारखं काहीतरी राहायचंच. ते त्यानं काढलं, पावसाच्या पाण्यात कालवलं आणि भिंगाखाली धरलं. आत जत्रा भरलेली! काही सुळकन पळत होते, काही भोवऱ्यासारखे गरगरत होते. अख्ख्या देशात जेवढी माणसं नाहीत तेवढे जीव आपल्या एका तोंडात आहेत, असं त्याला वाटलं.

एवढ्यावर तो थांबला नाही. दोन बायका, एक आठ वर्षांचं मूल आणि आयुष्यात कधी दात न घासलेला एक म्हातारा, सगळ्यांच्या दातांतला मळ त्यानं तपासला. मुलाच्या नुसत्या थुंकीत काही हललं नाही, पण दातांमधल्या मळात तेच जीव सापडले. म्हाताऱ्याच्या तोंडाचं तर विचारूच नका.

गंमत म्हणजे, इतकं पाहूनही हे जीव आणि किडणारे दात यांची सांगड त्यानं त्या पत्रात घातली नाही. ती घालायला दोनशे वर्षं लागली. बर्लिनमध्ये काम करणाऱ्या विलोबी मिलर या अमेरिकन दंतवैद्यानं काढलेले दात लाळ आणि पावाच्या मिश्रणात ठेवले, तर ते मऊ पडले. मांसात ठेवले, तर काही झालं नाही. म्हणजे जंतू दात खात नाहीत. ते साखर आणि पिठूळ पदार्थ खातात, त्यातून आम्ल बनवतात आणि ते आम्ल दात विरघळवतं. हे त्यानं 1890 मध्ये पुस्तक काढून मांडलं. 1924 मध्ये लंडनच्या क्लार्कनं किडक्या दातांतून एक जंतू वेगळा केला, स्ट्रेप्टोकॉकस म्यूटन्स.

तुमच्या घरात लहान भाचा किंवा पुतणी असेल तर हे ऐकाच. हा जंतू बाळ सोबत घेऊन जन्मत नाही. बऱ्याचदा तो घरच्या मोठ्यांच्याच लाळेतून येतो, म्हणजे आपण चाखून बघितलेल्या चमच्यातून. दुधाच्या दातांवरचं कवच पातळ असतं. झोपेत लाळ कमी सुटते. त्यात गोड दुधाची बाटली तोंडात ठेवूनच बाळ झोपलं, तर रात्रभर जंतूंची मेजवानी. म्हणूनच सहसा वरचे पुढचे दात आधी जातात. ‘दुधाचेच आहेत, पडणारच’ असं आजी म्हणते खरं, पण ठणकतात तेही मोठ्या दातांसारखेच.

लेव्हेनहूक पुन्हा पुन्हा दातांकडे वळत राहिला. 1692 मध्ये त्याला पुढच्या दातांवरचे जीव कमी झालेले दिसले. त्यानं श्रेय दिलं रोजच्या गरम कॉफीला! पुढे दातातून काढलेल्या म्हणून दाखवल्या जाणाऱ्या अळ्या त्याच्या हाती आल्या. त्यानं पाहिलं, तर त्या चीजमध्ये होणाऱ्याच अळ्या निघाल्या. दातातली कीड तिथेच निकालात निघायला हवी होती, पण आपल्या बोलण्यात ती अजून आहे.

1723 मध्ये, नव्वदाव्या वर्षी, तो डेल्फ्टमध्येच वारला. रॉयल सोसायटीनं 1680 मध्ये त्याला सदस्य केलं होतं, पण तो तिथल्या एकाही सभेला गेला नाही. सोसायटीसाठी त्यानं 26 चांदीची यंत्रं पेटीत घालून ठेवली होती. मारियानं ती लंडनला पोचवली. पुढे ती पेटीच हरवली.