शांतिब्रह्म श्री एकनाथ महाराज : हसविता हसविता सत्य सांगणारे संत

गोदावरीच्या उत्तर तीरावरील श्रीक्षेत्र पैठण म्हणजे प्राचीन प्रतिष्ठान नगरी होय. सातवाहन राजांची ही राजधानी. पुढील काळात संस्कृत विद्येचे पीठ म्हणून या नगरीचा लौकिक दूरवर पसरला. धर्मशास्त्राच्या वादात पैठणच्या ब्रह्मवृंदाचा निर्णय प्रमाण मानला जात असे. श्रीज्ञानेश्वर व त्यांच्या भावंडांनाही शुद्धिपत्रासाठी येथेच यावे लागले, अशी परंपरा आहे. जेथे शास्त्राधिकार एवढा प्रबळ होता, त्याच नगरीत राहून सामान्य जनांच्या बोलीत समाजाचे दोष दाखविण्याचे कार्य श्रीसंत एकनाथ महाराजांनी केले.

नाथमहाराजांचा जन्म इ.स. १५३३ च्या सुमारास पैठण येथे झाला. पित्याचे नाव सूर्यनारायण व मातेचे रुक्मिणी. थोर विठ्ठलभक्त संत भानुदास हे त्यांचे पणजोबा. विजयनगरास नेलेली श्रीविठ्ठलाची मूर्ती भानुदासांनी पंढरपुरास परत आणली, अशी वारकरी संप्रदायाची श्रद्धा आहे. बालपणीच मातापित्यांचे छत्र हरपल्याने आजोबा चक्रपाणी यांनी नाथांचा सांभाळ केला. लहान वयातच गुरूच्या शोधात ते देवगिरी येथे श्रीजनार्दनस्वामींकडे गेले. स्वामी हे दत्तभक्त. निजामशाहीच्या सेवेत राहून ते देवगिरी किल्ल्याचा कारभार पाहत. परमार्थ आणि चोख हिशेब या दोहोंचे शिक्षण नाथांना या एकाच ठिकाणी मिळाले. गुरूंच्या आज्ञेने तीर्थयात्रा करून ते पैठणास परतले आणि गिरिजाबाईंशी विवाह करून गृहस्थाश्रमी झाले.

तो काळ कठीण होता. राज्य परक्यांचे, गावोगावी पाटील-कुलकर्ण्यांचा अंमल, वसुलीचा जाच आणि धर्माच्या नावाखाली कर्मकांडाचे अवडंबर अशी जनतेची स्थिती होती. ग्रंथ संस्कृतात असल्याने बहुजनांना त्यांचा अर्थ कळत नसे. नाथांनी यासाठी दोन मार्ग योजिले. पहिला मार्ग ग्रंथरचनेचा. भागवताच्या एकादश स्कंधावरील त्यांची विस्तृत मराठी टीका इ.स. १५७३ मध्ये वाराणसी येथे पूर्ण झाली. देवाची कथा प्राकृतात सांगितली म्हणून काशीच्या पंडितांनी प्रथम आक्षेप घेतला व अखेरीस त्याच ग्रंथाचा गौरव केला, असे परंपरा सांगते. इ.स. १५८४ मध्ये त्यांनी ज्ञानेश्वरीचे पाठभेद तपासून तिची शुद्ध प्रत सिद्ध केली.

दुसरा मार्ग भारुडांचा. नाथांच्या नावे सुमारे तीनशे भारुडे प्रसिद्ध आहेत. जोशी, वासुदेव, गोंधळी, भुत्या, कोल्हाटीण, फकीर, आंधळा, बहिरा, मुका अशी गावरहाटीतील माणसे या भारुडांत स्वतःच बोलू लागतात. ऐकणारा प्रथम मनमुराद हसतो आणि मग आपणच हसण्याचा विषय झालो आहोत, हे त्याच्या ध्यानी येते. विंचवाच्या भारुडात दंश झालेला मनुष्य आक्रोश करतो. तो विंचू म्हणजे आपल्याच अंतरातील काम-क्रोध. भवानीला नवस बोलणाऱ्या सुनेचे भारुड तर घराघरांत ठाऊक आहे. सासरच्या एकेका माणसाची पीडा टळावी म्हणून ती देवीला रोडग्याचे आमिष दाखविते. त्याचा आध्यात्मिक अर्थ निराळा असला, तरी देवाशी देवघेवीचा व्यवहार करणाऱ्या आपणा सर्वांना त्यात नाथांनी आरसा दाखविला आहे.

सत्ताधाऱ्यांनाही नाथांनी सोडले नाही. जोहाराच्या रचनांत गावचा महार पाटील-कुलकर्ण्यांसमोर जोहार घालतो आणि बोलता बोलता साऱ्या गावच्या कारभाराचा हिशेब मांडतो. गावाने ज्याला वेशीबाहेर ठेविले, त्याच्याच मुखी नाथांनी ज्ञानाचे बोल घातले. अर्जदस्त, ताकीदपत्र, अभयपत्र अशा दरबारी लेखनाचे साचे घेऊनही त्यांनी रचना केल्या. माणसाचा देह हेच गाव, विकार हेच तेथील उन्मत्त अंमलदार आणि खरा धनी परमेश्वर, असे त्यांचे रूपक आहे. ज्यांनी वसुलीचा धाक भोगला होता, त्यांना हे समजावून सांगावे लागले नसेल. भोंदू साधू, वेषाचे सोंग घेणारे संन्यासी व पोटार्थी उपदेशक यांचीही त्यांनी भीड ठेवली नाही. हिंदू-तुर्क संवादात तर दोन्ही धर्मांचे अनुयायी परस्परांच्या आचारांची उणीदुणी काढतात आणि अखेरीस ईश्वर एकच असल्याचे उमजून परस्परांना आलिंगन देतात.

नाथांच्या शब्दांना वजन आले ते त्यांच्या आचरणामुळे. महिपतीबुवांनी इ.स. १७६२ मध्ये पूर्ण केलेल्या भक्तविजयात व अन्य चरित्रांत यासंबंधी अनेक कथा आढळतात. श्राद्धासाठी सिद्ध केलेले अन्न नाथांनी भुकेल्या अस्पृश्य मानलेल्या कुटुंबाला आदराने वाढले. ब्रह्मवृंदाने रागावून भोजनास येण्याचे नाकारले, तरी नाथांनी केल्याचा पश्चात्ताप मानला नाही. तापलेल्या वाळवंटात तडफडणाऱ्या गाढवाला काशीहून आणलेले गंगाजल पाजले, तेच रामेश्वरास पोचले, अशी त्यांची भावना होती. अपमान करणाऱ्यावरही ते रागावले नाहीत, म्हणूनच लोक त्यांना शांतिब्रह्म म्हणू लागले.

सर्वांत कठीण प्रसंग मात्र घरातच उभा राहिला. पुत्र हरिपंडित हे शास्त्रनिष्ठ विद्वान होते. पित्याने मराठीत पुराण सांगावे आणि कोणाच्याही घरी अन्न घ्यावे, हे त्यांना रुचले नाही. ते घर सोडून काशीस गेले. नाथ स्वतः जाऊन त्यांना घेऊन आले. यापुढे परान्न घ्यावयाचे नाही व प्राकृतात निरूपण करावयाचे नाही, या पुत्राच्या दोन्ही अटी त्यांनी मान्य केल्या. हरिपंडितांचे संस्कृत प्रवचन सुरू झाले, परंतु श्रोते दिवसेंदिवस घटू लागले. ज्यांच्यासाठी नाथांनी आयुष्य वेचले, तीच माणसे वाड्यातून दिसेनाशी झाली. नाथांनी वाद घातला नाही.

पुढे एका वृद्ध स्त्रीने सहस्र ब्राह्मणांना भोजन घालण्याचा संकल्प केला होता. दारिद्र्यामुळे तो पूर्ण होईना. एकट्या नाथांना जेवू घातले तरी संकल्प सिद्धीस जाईल, अशी तिची श्रद्धा होती. हरिपंडितांनी स्वतः स्वयंपाक केला. भोजनानंतर नाथांची पत्रावळ उचलताच तिच्याखाली दुसरी निघाली, आणि याप्रमाणे सहस्र पत्रावळी उचलाव्या लागल्या, अशी कथा आहे. हरिपंडितांचा अभिमान गळाला. त्यांनी पित्याच्या चरणी मस्तक ठेविले आणि नाथवाड्यात पुन्हा मराठी निरूपण घुमू लागले.

इ.स. १५९९ मध्ये फाल्गुन वद्य षष्ठीस नाथांनी गोदावरीत जलसमाधी घेतली. ही तिथी नाथषष्ठी म्हणून पाळली जाते. त्या वेळी गावोगावच्या दिंड्या पैठणास येतात व अष्टमीच्या काल्याने यात्रेची सांगता होते. भगवंताने श्रीखंड्याच्या रूपाने नाथांघरी पाणी भरले, त्याची आठवण म्हणून वाड्यातील रांजण या काळात भरला जातो.

भाविकांनी गावातील नाथवाडा व गोदातीरावरील समाधिमंदिर या दोन्ही स्थानांचे दर्शन घ्यावे. यात्रेत भारुडाचा कार्यक्रम असल्यास तो अवश्य ऐकावा. देवापुढे काय अर्पण केले यापेक्षा ते कोणत्या भावनेने केले, याची विचारणा नाथ चार शतकांपासून हसतमुखाने करीत आले आहेत. दर्शन घेऊन परतताना प्रत्येकाने आपल्यापुरते तिचे उत्तर शोधावे.