तांडा ते सचिवालय
(बी. ए. द्वितीय वर्ष)

आमच्या घरात भिंतीवर दोन तसबिरी आहेत. एक संत सेवालाल महाराजांची आणि दुसरी सुटाबुटातल्या, हातात पाइप धरलेल्या एका गृहस्थांची. दादी दोन्ही तसबिरींना उदबत्ती ओवाळीत असे. त्यामुळे देव सूटही घालतात, अशी माझी कित्येक वर्षे समजूत होती. ते गृहस्थ म्हणजे महाराष्ट्राचे मुख्यमंत्री वसंतराव नाईक, हे मला पाचवीत कळले.

गेल्या वर्षी इतिहासाच्या सरांनी वर्गात युरोपातील रोमा लोकांची हकिकत सांगितली. सुमारे हजार वर्षांपूर्वी हे लोक उत्तर हिंदुस्थानातून निघाले आणि पिढ्यान् पिढ्या चालत युरोपात पोहोचले. त्यांच्या बोलीत आजही पाण्याला पानी आणि नाकाला नाख म्हणतात. ऐकता ऐकता मला मुखेड तालुक्यातला आमचा तांडा दिसू लागला. रोमा आणि बंजारा एकाच कुळातले, असे आमच्यात अभिमानाने सांगतात. विद्वानांनी ते अद्याप सिद्ध केलेले नाही. पण परमुलखात जायचे, तिथल्यांची गरज भागवायची आणि तरीही गावाबाहेरच राहायचे, ही कहाणी मात्र दोघांची सारखी आहे. आमचे पूर्वज राजस्थानकडचे. बैलांच्या पाठीवर धान्य आणि मीठ लादून ते मोगल फौजांबरोबर दख्खनेत उतरले. पुढे रेल्वे आली, सडका झाल्या आणि बैलांच्या पाठीवरचा व्यापार बुडाला. इंग्रजांनी १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला, त्याचा फास अनेक ठिकाणी आमच्याही गळ्यात पडला. चालते तांडे माळरानावर थांबले ते तिथेच राहिले.

अशाच एका तांड्यावर, यवतमाळ जिल्ह्याच्या पुसद तालुक्यातील गहुली येथे, १ जुलै १९१३ रोजी वसंतरावांचा जन्म झाला. वडील फुलसिंग हे तांड्याचे नाईक. मुलाचे पाळण्यातले नाव हाजूसिंग. तांड्यावर शाळा नव्हती, म्हणून मुलाला आसपासच्या गावांतून शिकावे लागले. पुढे तो अमरावतीला आणि तेथून नागपूरला गेला. मॉरिस कॉलेजातून बी. ए. झाला आणि नंतर वकीलही झाला. चरित्रकार हा भाग दोन ओळींत उरकतात. मला मात्र इथेच थांबावेसे वाटते. घरी गोरबोली बोलणाऱ्या मुलाने मराठीतून आणि इंग्रजीतून शिकायचे म्हणजे काय, ते मला ठाऊक आहे. वसतिगृहातल्या पहिल्या महिन्यात दादीचा फोन आला की मी जिन्याखाली जाऊन हळू आवाजात बोलत असे. हाजूसिंगाने नागपुरात काय केले असेल?

१९४१ साली त्यांनी नागपूरच्या वत्सलाबाई घाटे यांच्याशी विवाह केला. मुलगी ब्राह्मणाची, मुलगा तांड्यावरचा. त्या काळी दोन्हीकडे खळबळ माजली. तरीही संसार झाला आणि चांगला झाला.

त्यानंतरच्या पायऱ्या त्यांनी भरभर चढल्या. पुसदला वकिली, मग नगरपालिका, १९५२ साली मध्य प्रदेशाच्या विधानसभेत आमदार आणि लगेच उपमंत्री, महाराष्ट्र राज्य झाल्यावर महसूलमंत्री. ज्या समितीच्या अहवालावरून १९६२ साली जिल्हा परिषदा आल्या, तिचे अध्यक्षही तेच. कन्नमवार निवर्तल्यावर ५ डिसेंबर १९६३ रोजी ते मुख्यमंत्री झाले आणि अकरा वर्षांहून अधिक काळ त्या पदावर राहिले. महाराष्ट्रात इतका काळ दुसरे कोणी राहिलेले नाही.

या काळातला त्यांचा ध्यास धान्याचा होता. १९६५ साली पुण्यात त्यांनी जाहीर करून टाकले, की दोन वर्षांत राज्य अन्नधान्यात स्वयंपूर्ण झाले नाही तर मला फाशी द्या. त्यासाठी त्यांनी संकरित ज्वारीचा आग्रह धरला. त्या भाकरीला चव नाही म्हणून लोकांनी नाके मुरडली. आमची दादी अजून मुरडते. ज्यांचे पूर्वज बैलांच्या पाठीवरून दुसऱ्यांचे धान्य वाहत होते, त्यांच्याच वंशजाला अख्ख्या राज्याच्या धान्याची काळजी वाहावी लागली, हे मला विलक्षण वाटते.

आणि मग १९७२ चा दुष्काळ आला. मराठवाड्याचे माळ करपले. दादी तेव्हा लहान होती. आईबरोबर दुष्काळी कामावर खडी फोडायला जायची, तिथे सुकडी मिळायची. मागेल त्याला काम देणारी रोजगार हमी योजना याच काळात उभी राहिली. पुढे तिचा कायदा झाला. दादीच्या उदबत्तीचे मूळ कोणत्याही पुस्तकात नाही, ते त्या सुकडीत आहे.

मात्र मराठवाड्याचा त्यांच्यावर रोषही होता आणि तो खोटा नव्हता. परभणीला कृषी विद्यापीठ मिळाले ते १९७२ साली, तेही आंदोलन करून. १९७४ च्या मराठवाडा विकास आंदोलनात वसमतला गोळीबार होऊन विद्यार्थी मृत्युमुखी पडले. मुख्यमंत्री वसंतरावच होते. ती मुले आमच्याच वयाची होती; तसबिरीकडे पाहताना मला हेही आठवते. फेब्रुवारी १९७५ मध्ये ते पायउतार झाले आणि आपल्या नांदेडचे शंकरराव चव्हाण त्यांच्या जागी आले. त्याच वर्षी सचिवालयाचे मंत्रालय झाले. १९७७ साली वसंतराव वाशीमहून लोकसभेवर निवडून गेले आणि १८ ऑगस्ट १९७९ रोजी सिंगापूर येथे त्यांचे निधन झाले. परभणीच्या त्याच विद्यापीठाला २०१३ पासून त्यांचे नाव आहे.

आमच्या तांड्याचे म्हणाल तर दसरा झाला की निम्मी घरे बंद होतात. माझी याडी आणि बापू मुकादमाची उचल घेऊन ऊसतोडीला जातात. जळकोटकडच्या मावशीचेही तेच. आम्ही महाराष्ट्रात विमुक्त जातीत. तेलंगणातली आत्या अनुसूचित जमातीत. सीमेवरचा एक ओढा ओलांडला की आमची जात बदलते. मुख्यमंत्री आमच्यातला होता, मग असे का, हा प्रश्न मी दादीला विचारला होता. तिला तो आवडला नाही.

याडीने फेटिया-काचळी सोडली, मी तर कधी घातलीच नाही. वसंतरावांच्या सुटाला मी काय म्हणून नावे ठेवू?

लेख झाल्यावर तो मी दादीला गोरबोलीत सांगितला, यंदा जिन्याखाली न जाता. सुकडीचा भाग तिने दोनदा सांगायला लावला. मग खडी फोडायची मजुरी किती लिहिलीस, असे विचारले. ती मी लिहिलीच नव्हती.