बडोद्याचे फत्तेसिंहराव

तापी ओलांडून उत्तरेकडे निघालेली गाडी सुरत मागे टाकते आणि कोसाडचे स्थानक येते. कालपर्यंतचे हे खेडे आज सुरत महापालिकेत सामावले आहे. यंत्रमागांच्या आधाराने या परिसरात मराठी कुटुंबे स्थिरावली, आणि त्यांची मुले मोकळी जागा दिसेल तेथे यष्ट्या रोवतात. याच लोहमार्गाने सुमारे सव्वाशे किलोमीटर पुढे गेले की बडोदे लागते. गुजरातच्या भूमीत रुजलेल्या तेथील मराठी राजघराण्याने भारतीय क्रिकेटला एक खेळाडू दिला आणि पुढे त्याच खेळाडूच्या रूपाने एक प्रशासकही दिला. ते म्हणजे फत्तेसिंहराव गायकवाड.

सयाजीराव महाराजांचे हे पणतू 2 एप्रिल 1930 रोजी जन्मले. 1946-47 च्या हंगामात, सोळाव्या वर्षी, ते बडोद्याकडून रणजी करंडकाचे सामने खेळू लागले. त्याच हंगामात त्यांनी 99 धावांची खेळी केली. पुढे 1957-58 पर्यंत ते खेळले, परंतु तो एक धावेचा उंबरठा त्यांना कधीच ओलांडता आला नाही. विजय हजाऱ्यांच्या बडोद्यात त्यांची गणना थोर फलंदाजांत झाली नाही, हे मान्य केले पाहिजे. मात्र खेळात यश किती थोडक्यात हुकते, याचा धडा त्यांना कोवळ्या वयातच मिळाला.

मानाची पदे त्यांना जन्मामुळे सुलभ झाली, हेही नाकारण्यात अर्थ नाही. 1951 मध्ये ते गादीवर आले, 1957 मध्ये लोकसभेत गेले आणि 1959 मध्ये इंग्लंडला निघालेल्या भारतीय संघाचे व्यवस्थापक झाले. तेव्हा त्यांचे वय 29 होते. कर्णधार दत्ताजीराव गायकवाड त्यांच्याहून वयाने थोडे वडीलच. त्या दौऱ्यात पाचही कसोट्या गमावल्या, त्यांपैकी तीन डावाने. दत्ताजीरावांचे नेतृत्व गेले; व्यवस्थापक मात्र 1963 मध्ये, 33 व्या वर्षी, क्रिकेट नियामक मंडळाचे सर्वांत तरुण अध्यक्ष झाले. पराभवाचे मोल खेळाडूने द्यावे आणि अधिकाऱ्याने पायरी चढावी, ही आपल्या क्रीडाक्षेत्रातील जुनी विसंगती येथेही दिसते.

त्यांची अध्यक्षीय कारकीर्द 1966 पर्यंत चालली. पतौडींच्या तरुण नेतृत्वाखालील संघाने या काळात इंग्लंडशी पाचही कसोट्या अनिर्णित राखल्या, 1964 मध्ये मुंबईत ऑस्ट्रेलियाला दोन गडी राखून हरविले आणि पुढच्या वर्षी न्यूझीलंडविरुद्धची मालिका जिंकली. हे श्रेय अर्थातच खेळाडूंचे. अध्यक्षाच्या पदरात ते टाकण्याचे कारण नाही.

फत्तेसिंहरावांचे वेगळेपण आम्हांस दिसते ते यानंतर. सर्वोच्च पद भोगलेला मनुष्य सहसा खालच्या कामाकडे वळत नाही. हे मात्र 1978 मध्ये पुन्हा व्यवस्थापक म्हणून पाकिस्तानला गेले. 1961 नंतर दोन्ही देश प्रथमच कसोटीच्या मैदानात समोरासमोर येत होते. मधल्या काळात दोन युद्धे होऊन गेली होती. त्या दौऱ्यात कपिल देव यांचे कसोटी पदार्पण झाले. साहिवाल येथे उसळत्या चेंडूंच्या निषेधार्थ बेदींनी सामना सोडून दिला. आणि मालिका दोन विरुद्ध शून्य अशी गेली. 1982-83 मध्ये तेच दायित्व त्यांनी पुन्हा स्वीकारले, आणि तेथेही पराभवच वाट्यास आला. बेदी आणि गावसकर, दोघांनाही या दौऱ्यांनंतर कर्णधारपद सोडावे लागले.

तीन दौरे आणि तीन पराभव, असा हिशेब कोणी मांडल्यास तो चूक नव्हे. परंतु तो अपुरा आहे. यश हमखास नाही हे ठाऊक असूनही, अध्यक्षपदाची झूल उतरवून संघाबरोबर परक्या मुलखात राहण्याचे, त्याच्या तक्रारी आणि अपमान वाटून घेण्याचे काम त्यांनी कमीपणाचे मानले नाही. संस्थानिकांचे तनखे 1971 मध्येच गेले होते. उरली होती ती कामाची प्रतिष्ठा. 1 सप्टेंबर 1988 रोजी, 58 व्या वर्षी, त्यांचे निधन झाले.

आजही आपल्या क्रीडासंस्थांत खुर्चीसाठी चुरस असते. सामान उचलण्यास कोणी पुढे येत नाही. कोसाडच्या मैदानावरील मुलास राजघराण्याचा वारसा मिळणार नाही, आणि त्याची गरजही नाही. त्याच्या खेळाचा कारभार पाहणाऱ्यांनी अधूनमधून खुर्चीवरून उतरून त्याच्या पराभवात सहभागी व्हावे, एवढीच अपेक्षा आहे. फत्तेसिंहरावांच्या चरित्रातून घ्यावयाचे ते हेच.