तीन देव की एक देव? पंडिता रमाबाईंचा प्रश्न



पेन्टेकॉस्टनंतरच्या रविवारी आपण पवित्र त्रैक्याचा सण साजरा करतो. या सणाला प्रवचन देताना भल्या भल्या धर्मगुरूंची परीक्षा होते. पण खरी परीक्षा तुमची असते, आणि ती चर्चबाहेर होते. बाजार समितीत, एमआयडीसीतल्या कारखान्यात किंवा लोकलच्या डब्यात शेजारी बसणारा मित्र सहज विचारतो, की तुम्ही एकच देव मानता म्हणता, मग पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा हे तीन कसे? आपल्यापैकी बरेच जण अशा वेळी हसून विषय बदलतात. काहींना तर वाटते की असा प्रश्न मनात येणे हेच पाप आहे.

म्हणून या वेळी आम्ही एका अशा स्त्रीचे चरित्र सांगणार आहोत, जिने हा प्रश्न टाळला नाही. तिचे नाव पंडिता रमाबाई. त्यांचे समाजकार्य महाराष्ट्राला ठाऊक आहे. परंतु बाप्तिस्मा घेतल्यानंतर त्रैक्याच्या सिद्धान्ताशी त्यांनी जी झुंज दिली, तिच्याविषयी फारसे बोलले जात नाही.

रमाबाईंचा जन्म 23 एप्रिल 1858 रोजी कर्नाटकातल्या गंगामूळच्या रानात एका चित्पावन ब्राह्मण कुटुंबात झाला. वडील अनंतशास्त्री डोंगरे हे मोठे विद्वान होते. स्त्रियांनी संस्कृत शिकू नये असा त्या काळचा दंडक असताना त्यांनी पत्नी लक्ष्मीबाईंना संस्कृत शिकवले आणि लक्ष्मीबाईंनी ते मुलीला दिले. हे कुटुंब तीर्थक्षेत्री पायी फिरत असे आणि पुराणे सांगून गुजराण करीत असे. 1874 च्या सुमारास दुष्काळाने आणि उपासमारीने आईवडील गेले, पाठोपाठ थोरली बहीणही गेली. रमाबाई आणि त्यांचा भाऊ श्रीनिवास देशभर पायी फिरत 1878 साली कलकत्त्याला पोहोचले. तिथल्या पंडितांनी त्यांची विद्वत्ता पाहून त्यांना ‘पंडिता’ आणि ‘सरस्वती’ या पदव्या दिल्या.

एवढी देवळे आणि एवढी व्रते पाहून रमाबाईंच्या मनातला जुना विश्वास उडाला होता. कलकत्त्यात ब्राह्मो समाजाच्या सहवासात त्या एकाच निराकार ईश्वराकडे वळल्या. 1880 मध्ये भाऊ वारला. त्याच वर्षी त्यांनी बिपिन बिहारी मेधावी या बंगाली वकिलाशी विवाह केला. जात वेगळी, भाषा वेगळी. 1881 मध्ये मनोरमाचा जन्म झाला आणि 1882 च्या फेब्रुवारीत पती पटकीने गेले. वयाच्या तेविसाव्या वर्षी विधवा झालेल्या या बाईजवळ एक तान्ही मुलगी होती आणि पतीच्या पुस्तकांत एकदा सापडलेले लूकचे शुभवर्तमान वाचल्याची आठवण होती.

पुण्याला येऊन त्यांनी आर्य महिला समाज काढला. मग वैद्यकीय शिक्षण घ्यावे म्हणून 1883 साली त्या इंग्लंडला गेल्या. ऐकू कमी येऊ लागल्यामुळे तो बेत राहून गेला. वाँटेज गावच्या अँग्लिकन धर्मभगिनींकडे त्या उतरल्या होत्या. या धर्मभगिनी लंडनमध्ये ‘पतित’ म्हणून समाजाने टाकून दिलेल्या स्त्रियांना प्रेमाने सांभाळत. असे प्रेम कुठून येते, असा प्रश्न रमाबाईंना पडला. उत्तरादाखल त्यांना योहानाच्या शुभवर्तमानातील शोमरोनी स्त्रीची कथा दाखवण्यात आली. त्यांच्याप्रमाणेच चित्पावन कुळातून ख्रिस्ती झालेले फादर नेहेम्या गोरे यांच्या पत्रांनीही त्यांच्या बुद्धीच्या शंका बऱ्याच दूर केल्या. 29 सप्टेंबर 1883 रोजी रमाबाईंनी मनोरमेसह बाप्तिस्मा घेतला.

पुष्कळांना वाटते की बाप्तिस्म्याबरोबर प्रश्न संपतात. रमाबाईंचे तिथून सुरू झाले. 1884 पासून त्या चेल्टनहॅमच्या मुलींच्या कॉलेजात शिकत होत्या आणि संस्कृत शिकवत होत्या. तिथून वाँटेजच्या सिस्टर जेराल्डिन आणि कॉलेजच्या प्रमुख मिस डोरोथिया बील यांच्याशी त्यांचा पत्रव्यवहार चाले. त्यातला एक मोठा विषय होता त्रैक्य. अनेक देवांची उपासना सोडून, फार मोठी किंमत देऊन, आपण एका देवाकडे आलो. आता पुन्हा तीन मानायचे काय? येशू देवाने पाठविलेला तारणारा आहे हे त्या मानत होत्या, पण तो पित्याच्या बरोबरीचा देव आहे हे म्हणायला त्यांची सद्सद्विवेकबुद्धी तयार होत नव्हती. संत अथनेशियसच्या नावाने ओळखला जाणारा विश्वासांगीकार त्यांना मान्य होईना. त्रैक्याची सूत्रे या रूपात पवित्र शास्त्रात कुठे आहेत, अशी त्यांची विचारणा होती. एका पुरोहितवर्गाच्या जोखडातून मोठ्या कष्टाने सुटल्यावर, केवळ धर्माधिकारी सांगतात म्हणून दुसरे जोखड मानेवर घेणार नाही, असे त्यांनी सिस्टर जेराल्डिनला स्पष्ट कळवले. सिस्टरना यात गर्व दिसला. मिस बील मात्र शांतपणे, एकेक मुद्दा घेऊन उत्तरे देत राहिल्या. सिस्टर जेराल्डिनने ही पत्रे जपून ठेवली, हा त्यांचा मोठेपणा. 1977 साली महाराष्ट्र राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाने ती प्रसिद्ध केली.

आता आपण थोडे मागे जाऊ या, कारण रमाबाईंचा हा प्रश्न नवा नव्हता. ख्रिस्तसभेने तो स्वतःला फार पूर्वी विचारला होता. पहिले ख्रिस्ती लोक यहुदी होते. देव एकच, हे त्यांच्या रक्तात होते. तरी ते येशूची प्रार्थना करत आणि पिता, पुत्र व पवित्र आत्मा यांच्या नावाने बाप्तिस्मा देत. म्हणजे उपासना आधी आली, तिचे शब्द नंतर सापडले. इसवी सन 200 नंतर कार्थेजच्या तेर्तुलियनने लॅटिन भाषेत त्रैक्यासाठी ‘त्रिनितास’ हा शब्द वापरला. चौथ्या शतकाच्या आरंभी आलेक्झांड्रियाच्या एरियस नावाच्या धर्मगुरूने देवाचे एकत्व राखण्यासाठी असे शिकवले, की पुत्र हा सर्वांत श्रेष्ठ असला तरी देवाने निर्माण केलेला आहे. 325 साली नायसिया येथील धर्मपरिषदेने हे नाकारले आणि पुत्र पित्याशी एकतत्त्व आहे असे ठरवले. गंमत अशी, की ‘एकतत्त्व’ या अर्थाचा तो ग्रीक शब्द बायबलमध्ये नाही, अशी तक्रार त्याही वेळी अनेक महागुरूंनी केली होती. रमाबाईंची तक्रार इतकी जुनी आहे.

नायसियाची बाजू लढवली ती संत अथनेशियस यांनी. परिषदेला ते तरुण डीकन म्हणून गेले होते. 328 साली ते आलेक्झांड्रियाचे महागुरू झाले. सम्राट बदलले, वारे बदलले, आणि त्यांना पाच वेळा हद्दपार व्हावे लागले. सुमारे सतरा वर्षे त्यांनी परागंदा अवस्थेत काढली. त्यांच्या विचाराचा गाभा साधा होता. जो स्वतः बुडणाऱ्यांपैकी आहे तो दुसऱ्याला तारू शकत नाही. येशू जर निर्मिलेला असेल, तर आपल्याला देवापर्यंत कोणी पोहोचवले? ज्या प्रेमाने आपल्याला वाचवले ते देवाचे स्वतःचे प्रेम आहे, दुसऱ्या कोणाकरवी धाडलेले नाही. त्यांचा वाद तारणाचा होता, गणिताचा नव्हता. रमाबाईंना न पटलेला तो विश्वासांगीकार मात्र अथनेशियसने लिहिलेला नाही. तो त्यांच्या पुष्कळ नंतर लॅटिन भाषेत तयार झाला.

शब्दांचा घोटाळाही मोठा होता. ग्रीक लोक तीनसाठी जो शब्द वापरत, तो लॅटिन लोकांना ‘तीन तत्त्वे’ असा ऐकू येई आणि ते दचकत. संत बेसिल, त्यांचे भाऊ निस्साचे ग्रेगरी आणि मित्र नाझियान्झसचे ग्रेगरी यांनी हे शब्द नीट लावून दिले. तत्त्व एक, व्यक्ती तीन. या दोघा भावांना घडवण्यात त्यांची थोरली बहीण संत मॅक्रिना हिचा मोठा वाटा होता, हे विसरू नये. 381 साली कॉन्स्टँटिनोपलच्या परिषदेने पवित्र आत्म्याविषयीची श्रद्धाही स्पष्ट केली. आपण रविवारी मिस्सेत म्हणतो तो लांब विश्वासांगीकार या दोन परिषदांच्या नावाने ओळखला जातो. मराठीत ‘व्यक्ती’ म्हटले की आपल्याला तीन वेगळी माणसे दिसतात. पण इथे अर्थ तसा नाही. पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा एकमेकांपासून अलग राहतच नाहीत. त्यांचे असणे हेच एकमेकांशी असलेले नाते आहे. म्हणून क्रुसाची खूण करताना आपण तिघांचा उल्लेख करूनही ‘नावाने’ म्हणतो, ‘नावांनी’ म्हणत नाही.

रमाबाईंचे पुढे काय झाले? 1886 मध्ये त्या अमेरिकेला गेल्या. 1889 साली त्यांनी मुंबईत शारदा सदन सुरू केले आणि पुढच्या वर्षी ते पुण्याला हलवले. 1891 च्या सुमारास त्यांना एक गोष्ट उमगली. आपण ख्रिस्ती धर्म बुद्धीने स्वीकारला, पण ख्रिस्ताला स्वतःला अजून भेटलो नाही. त्या ज्याला शोधत होत्या त्याने त्यांना आधीच शोधले होते. त्या दिवसांपासून ख्रिस्त त्यांना दूरचा दूत राहिला नाही. तो त्यांचा तारणारा आणि प्रभू झाला. पवित्र आत्म्याच्या सामर्थ्याविषयीही त्या उत्कटतेने बोलू लागल्या. अथनेशियस जे युक्तिवादाने सांगत होते, तिथे रमाबाई अनुभवाच्या वाटेने पोहोचल्या.

आणि या श्रद्धेला हातपाय फुटले. 1896-97 च्या दुष्काळात त्या स्वतः मध्य प्रांतात जाऊन उपाशी मुली आणि विधवा घेऊन आल्या. पुण्याच्या पुढे, दौंडच्या अलीकडे केडगाव येथे त्यांनी मुक्ती मिशन उभारले. 1900 च्या दुष्काळानंतर तिथे सुमारे दोन हजार जणी राहत होत्या. त्या शेती करत, विणकाम करत, छापखाना चालवत. शेवटच्या वर्षांत रमाबाईंनी हिब्रू आणि ग्रीक शिकून संपूर्ण बायबल सोप्या मराठीत आणले, आणि मुक्तीतल्या स्त्रियांनी त्याचे खिळे जुळवले. 1921 मध्ये मनोरमा गेली. 5 एप्रिल 1922 रोजी रमाबाईंनी देह ठेवला. त्यांचे बायबल 1924 साली प्रसिद्ध झाले.

रमाबाई कॅथलिक नव्हत्या. ख्रिस्तसभेच्या अधिकाराविषयी त्यांचे विचार आपल्यापेक्षा वेगळे होते. आपण मानतो की नायसिया आणि कॉन्स्टँटिनोपलच्या महागुरूंना पवित्र आत्म्याने मार्ग दाखवला, आणि म्हणून त्यांचे शब्द आपल्याला जोखड वाटत नाहीत, आधार वाटतात. पण ज्या एका देवाच्या नावाने आपला बाप्तिस्मा झाला त्याच नावाने त्यांचाही झाला होता, आणि त्यांचा प्रामाणिकपणा आपल्यालाही शिकवण देतो.

ख्रिस्तसभेला हे शब्द सापडायला तीनशे वर्षांहून अधिक काळ लागला. मग धर्मशिक्षणाच्या वर्गातल्या एखाद्या मुलाने विचारले की देव तीन कसे, तर त्याला गप्प करू नका. तुमच्या घरी आलेल्या सुनेने किंवा जावयाने विचारले, तर राग मानू नका. मिस बीलसारखे बसून बोला. कामावरच्या मित्राने विचारले, तर एवढे तरी सांगता येईल: आम्ही तीन देव मानत नाही. आम्ही एकच देव मानतो, पण तो एकाकी नाही. तो स्वतःच प्रेम आहे, आणि आम्हाला वाचवायला त्याने दुसऱ्या कोणाला पाठवले नाही, तो स्वतः आला, आणि आजही आमच्यात राहतो.

यापुढे क्रुसाची खूण घाईने करू नका. कपाळ, छाती, दोन्ही खांदे, असा हात सावकाश जाऊ द्या. आपण कोणाचे आहोत, हे त्या एका खुणेत आहे.

त्र्येक परमेश्वर तुम्हा सर्वांना व तुमच्या कुटुंबांना आशीर्वादित करो.

तुमचे धर्मगुरू